वाहकाचे दायित्व आणि सागरी विमा

जहाजावर माल खराब झाला की वाहकाने भरपाई द्यावी, हा समज अर्धाच खरा आहे. १९२४ च्या हेग नियमांनी मालाची निगा राखण्याचे बंधन वाहकावर घातले; पण नौकानयनात किंवा जहाजाच्या व्यवस्थेत कप्तानाच्या अथवा खलाशांच्या हातून चूक झाल्यास त्याला दायित्वातून मुक्तही केले. जहाजमालकांशी झालेली ही तडजोडच होय.

या दोहोंमधील सीमारेषा किती सूक्ष्म आहे, हे ‘कॅनेडियन हायलँडर’ जहाजाच्या खटल्यात दिसते. कथिलाचा मुलामा दिलेले पत्रे घेऊन ते स्वॉन्सीहून व्हँकुव्हरला निघाले होते. वाटेत लिव्हरपूलला दुरुस्ती चालू असता कामगारांची ये-जा होत राहिली, मालकोठाराच्या तोंडावरील ताडपत्री नीट झाकली गेली नाही आणि पावसाने पत्रे गंजले. ही जहाजाच्या व्यवस्थेतील चूक आहे, असा बचाव जहाजमालकांनी केला. १९२० नंतरच्या दशकाच्या अखेरीस ब्रिटनच्या हाउस ऑफ लॉर्ड्सने तो फेटाळला. ताडपत्री मालाच्या रक्षणासाठी होती, जहाजाच्या नव्हे. सफरीस योग्य असलेले तेच जहाज कप्तानाच्या चुकीने खडकावर आदळून पत्रे भिजले असते, तर मालधन्याला वाहकाकडून छदामही मिळाला नसता.

ही उणीव विमा भरून काढतो. भारताच्या १९६३ च्या सागरी विमा अधिनियमानुसार, भरपाई दिल्यावर वाहकाविरुद्धचे मालधन्याचे हक्क विमा कंपनीकडे येतात. मात्र वरकरणी न दिसणाऱ्या नुकसानीची लेखी सूचना हेग नियमांप्रमाणे तीन दिवसांत द्यावी लागते. न दिल्यास, उलट पुरावा नसेल तर, माल सुस्थितीत मिळाला असे मानले जाते. दावाही वर्षाच्या आतच लावावा लागतो. पेटी महिनाभर गोदामात न उघडणारा मालधनी विमा कंपनीचाही हक्क दुबळा करतो.