वार नसलेला दिवस
(इयत्ता सातवीच्या एका विद्यार्थ्याकडून)

मित्रांनो, आपल्या वर्गातले कॅलेंडर दर जानेवारीत बदलावे लागते. महिने तेच, तारखा त्याच, मग जुने का चालत नाही? कारण वार बदलतो. २०२३ साली १५ ऑगस्टला मंगळवार होता, २०२४ साली गुरुवार आणि २०२५ साली शुक्रवार.

असे का होते? गणित सोपे आहे. ३६५ ला ७ ने भागा. भागाकार ५२ आणि बाकी १. म्हणजे वर्षात ५२ आठवडे बसतात आणि एक दिवस उरतो. तो उरलेला दिवस पुढच्या वर्षाचे वार एकाने पुढे ढकलतो. मध्ये २९ फेब्रुवारी आली की वार दोनाने पुढे जातो. २०२४ साली तसेच झाले.

आता गंमत ऐका. एका लेखकाने एक कल्पनेतले जग तयार केले आणि त्या जगाचे कॅलेंडरही तयार केले. ते कॅलेंडर कधीच बदलावे लागत नाही! त्या लेखकाचे नाव जे. आर. आर. टॉल्किन. ते इंग्लंडमध्ये ऑक्सफर्डला प्राध्यापक होते. १९५४ आणि १९५५ साली त्यांचे 'दि लॉर्ड ऑफ दि रिंग्ज' हे मोठे पुस्तक तीन भागांत निघाले. शेवटच्या भागाच्या पुरवणीत त्यांनी हे कॅलेंडर दिले आहे. गुरुजींनी ते फळ्यावर काढून समजावून सांगितले.

त्या जगात हॉबिट नावाची बुटकी, शेतीभाती करणारी माणसे राहतात. त्यांच्या मुलुखाचे नाव शायर. (शायर म्हणजे पोवाडे गाणारा नव्हे बरं का!) त्यांचे वर्ष असे असते :

बारा महिने, प्रत्येकी ३० दिवस = ३६०
हिवाळ्यातल्या सणाचे दिवस = २
उन्हाळ्यातल्या सणाचे दिवस = ३
एकूण = ३६५

हिवाळ्यातल्या सणाचा एक दिवस वर्षाचा पहिला आणि दुसरा दिवस वर्षाचा शेवटचा. उन्हाळ्यातले तीन दिवस सहाव्या आणि सातव्या महिन्यांच्या मध्ये येतात. हे पाच दिवस कोणत्याच महिन्यात धरत नाहीत.

खरी युक्ती पुढेच आहे. उन्हाळ्यातल्या तीन दिवसांपैकी मधल्या दिवसाला वारच नाही! आदल्या दिवशी शुक्रवार, दुसऱ्या दिवशी शनिवार आणि मधला दिवस नुसताच. लीप वर्षी त्याला जोडून आणखी एक बिनवाराचा दिवस येतो. त्यामुळे वार असलेले दिवस दरवर्षी ३६४ च राहतात. ३६४ म्हणजे बरोबर ५२ आठवडे, बाकी शून्य. वर्ष नेहमी शनिवारी सुरू होते आणि शुक्रवारी संपते.

आम्ही पडताळा घेतला. गोष्टीतल्या बिल्बोचा वाढदिवस नवव्या महिन्याच्या २२ तारखेला असतो. आठ महिन्यांचे २४० दिवस, त्यात २२ मिळवले, २६२ झाले. तोपर्यंत सणाचे वार असलेले तीन दिवस येऊन गेले, म्हणून २६५. त्याला ७ ने भागले, बाकी ६. शनिवारपासून मोजले तर सहावा वार गुरुवार. आणि गोष्टीत बिल्बोच्या मेजवानीला गुरुवारच आहे! लेखकाने कल्पनेतला हिशेबसुद्धा चोख ठेवला आहे.

तारीख सांगितली की वार कळतोच, म्हणून हॉबिट लोक पत्रात वार लिहीत नाहीत. मात्र आपला मुलूख सोडून लांब गेले की त्यांची पंचाईत होते, कारण बाहेरच्यांची मोजणी वेगळी.

मला हे कॅलेंडर फार आवडले. घरी जाऊन मी आईला सांगितले. माझी आई शेतावर रोजाने जाते. तिला मजुरी बाजाराच्या दिवशी, बुधवारी मिळते. तिने सगळे ऐकून घेतले आणि विचारले, "आरं, पण त्या मधल्या दिवसाची हजेरी पडती का?"

मला उत्तर येईना. मग मी बोटांवर मोजले. एरवी बुधवार ते बुधवार सात दिवस. त्या आठवड्यात मात्र आठ दिवस होतात आणि लीप वर्षी नऊ! तेल, मीठ, भाजी सात दिवसांची आणलेली. आई म्हणाली, "दिवसाला वार नसला तरी पोटाला भूक असतीच की."

दुसऱ्या दिवशी मी गुरुजींना हे सांगितले. गुरुजी म्हणाले, "तुझ्या आईने मोठी शंका काढली." मग त्यांनी एक खरी हकीकत सांगितली. 'जागतिक कॅलेंडर' नावाची एक योजना होती. तिच्यातही वर्षाअखेरचा एक दिवस बिनवाराचा होता. १९५० नंतरच्या काही वर्षांत आपल्या भारताने ती योजना संयुक्त राष्ट्रांपुढे विचारासाठी मांडली होती. पण ज्यांची प्रार्थना दर सातव्या दिवशी असते, अशा अनेक लोकांनी हरकत घेतली. बिनवाराचा दिवस आला तर सातवा दिवस चुकणार. शेवटी ती योजना मागे पडली.

म्हणजे मित्रांनो, उरलेला दिवस कुठेतरी ठेवावाच लागतो. वार बदलू दिला तर दरवर्षी नवे कॅलेंडर घ्यावे लागते. वार काढून टाकला तर कुणाचा तरी आठवडा लांबतो. कॅलेंडर करणाऱ्याने कागदावर सुबक हिशेब तर करावाच, पण तो दिवस ज्याला काढायचा आहे त्यालाही विचारावे.

आमच्या वर्गानेही कल्पनेतल्या एका देशाचे कॅलेंडर केले आहे. ते शेजारी डकवले आहे. त्यात बिनवाराचा दिवस आम्ही ठेवला आहे, पण खाली लाल शाईने एक नियम लिहिला आहे : "या दिवसाची मजुरी आदल्या बाजारीच द्यावी." हा नियम आईने सांगितला. पालकांनी तो जरूर वाचावा आणि काही चुकले असेल तर गुरुजींना सांगावे.

करून पाहा :
१. शायरच्या कॅलेंडरात पहिल्या महिन्याच्या २६ तारखेला कोणता वार येईल? (सूचना : त्याआधी सणाचा एकच दिवस होऊन गेला आहे.)
२. आठव्या महिन्याच्या १५ तारखेला कोणता?
३. ज्याचा वाढदिवस ३१ तारखेला येतो, त्याने शायरमध्ये काय करावे?

(उत्तरे : १. गुरुवार. २. मंगळवार. ३. ज्याचे त्याने ठरवावे!)