सिंगापूरची मोजणी आणि भारतीय बंदिवान : जॉर्ज कोलमनचे कार्य

वसाहतकालीन नगरविकासाचा अभ्यास बहुधा मुंबई, कोलकाता व मद्रास या तीन शहरांपाशी थांबतो. मात्र सिंगापूर, पेनांग व मलाक्का या सामुद्रधुनीच्या वसाहतीही 1867 पर्यंत भारतातील ब्रिटिश प्रशासनाच्याच अधीन होत्या. सिंगापूरचा आद्य वास्तुविशारद व भूमापक जॉर्ज ड्रमगूल कोलमन याचे कार्य म्हणूनच भारतीय आर्थिक इतिहासाचाही भाग ठरते.

कोलमनचा जन्म 1795 मध्ये आयर्लंडमधील ड्रॉगेडा येथे झाला. 1815 मध्ये तो कोलकात्यास आला व तेथील व्यापाऱ्यांच्या निवासस्थानांचे आराखडे करू लागला. पुढे जावामार्गे 1822 मध्ये तो सिंगापूरला पोहोचला आणि स्टॅम्फर्ड रॅफल्सच्या टेकडीवरील निवासस्थानाचा आराखडा त्याने तयार केला. 1826 पासून तो तेथेच स्थायिक झाला.

सिंगापूर हे मुक्त बंदर असल्याने तेथे आयात-निर्यातीवर जकात नव्हती. अफू व मद्यविक्रीचे मक्ते आणि जमीन हेच महसुलाचे प्रमुख स्रोत उरत. जमिनीपासून उत्पन्न मिळवावयाचे तर तिच्या सीमा निश्चित हव्यात. मोजणीशिवाय ना पट्टा देता येतो, ना सारा ठरविता येतो. कोलमनने 1829 मध्ये भूपृष्ठीय सर्वेक्षण हाती घेतले. त्यावर आधारित शहराचा नकाशा 1836 मध्ये प्रसिद्ध झाला.

उत्पन्न तोकडे आणि दलदलीची जमीन अफाट, अशा स्थितीत 1830 मध्ये या वसाहतींचा स्वतंत्र इलाख्याचा दर्जा काढून त्या बंगालला जोडण्यात आल्या. 1833 मध्ये कोलमनची नेमणूक सार्वजनिक बांधकाम अधीक्षक, भूमापक आणि बंदिवानांचा देखरेख अधिकारी अशा तिहेरी पदावर झाली. परीक्षार्थींनी सनावळीपेक्षा या तिहेरी पदाकडे अधिक लक्ष द्यावे. जमीन मोजणे, रस्ता आखणे आणि तो बांधणारे हात पुरविणे ही तिन्ही कामे एकाच अधिकाऱ्याकडे आली होती. हे हात होते बंगाल, मद्रास व मुंबई इलाख्यांतून काळ्या पाण्यावर पाठविलेल्या भारतीयांचे. त्यांची पहिली तुकडी 1825 मध्ये सुमात्रातील बेंकुलेनहून आणण्यात आली होती. त्यांच्याकडून दलदली बुजविण्यात आल्या. नॉर्थ ब्रिज रोड व साउथ ब्रिज रोड हे रस्ते त्यांच्याच श्रमातून तयार झाले. बाजारभावाने मजुरी द्यावी लागली असती, तर इतक्या अल्प महसुलात ही कामे झाली असती असे म्हणता येत नाही. ज्या श्रमाला बाजारात किंमत मिळत नाही, त्याचे मूल्य जमाखर्चात दिसत नाही. सिंगापूरच्या आरंभीच्या ‘स्वस्त’ विकासाचे आकडे वाचताना ही वजाबाकी ध्यानात ठेवावी लागते. काम धोक्याचेही होते. 1835 च्या सुमारास जंगलात मोजणी चालू असताना वाघाने झेप घेतल्याचा प्रसंग प्रसिद्ध आहे. पुढे त्यावर एका जर्मन चित्रकाराने चित्रही काढले.

वास्तुविशारद म्हणून कोलमनने युरोपीय अभिजात शैलीला उष्ण हवामानाची जोड दिली. रुंद व्हरांडे, उंच छत, पुढे आलेली पागोळी व झडपांच्या खिडक्या ही त्याच्या इमारतींची वैशिष्ट्ये होत. 1827 मध्ये त्याने एका व्यापाऱ्यासाठी बांधलेले घर सरकारने न्यायालयासाठी भाड्याने घेतले. पुष्कळ फेरबदलांनंतर तीच वास्तू 1999 पर्यंत सिंगापूरचे संसदभवन होती. 1835 मधील आर्मेनियन चर्च आजही उभे आहे.

कोलमन 1844 मध्ये सिंगापुरातच मरण पावला. शहरात त्याच्या नावाचा रस्ता व पूल आहे. भारतीय बंदिवानांची वसाहत त्यानंतर जवळपास तीन दशके चालू राहिली. 1873 मध्ये ती बंद झाली, तेव्हा काहींची रवानगी अंदमानात झाली, तर मुक्त झालेल्यांपैकी अनेक जण तेथेच राहिले.