गाडीत डोळा लागतो तेव्हा

अगं, शेजारणीच्या खांद्यावर मान टाकून झोपलीस म्हणून एवढं मेल्याहून मेल्यासारखं कशाला वाटायला हवं? संध्याकाळच्या फास्ट बदलापूर गाडीत बायकांचा डबा बघ. भायखळा येईपर्यंत निम्म्या माना डुलायला लागलेल्या असतात. पर्स मांडीवर, पट्टा मनगटाला गुंडाळलेला, आणि एखादीच्या मांडीवर निम्मीच निवडून झालेली मेथीची जुडी. त्या बाईने तुला हलवलं नाही, कारण तुझा दिवस कसा गेला असेल ते तिला न सांगता कळतं.

तेव्हा झोप खुशाल. फक्त पंधरा-वीस मिनिटांचा गजर व्हायब्रेटवर लावून ठेव. अर्ध्या तासाच्या पुढे गेलीस की झोप गाढ होते, मग उठल्यावर डोकं जड आणि घरी पोचून चिडचिड. फोन पर्सच्या आतल्या कप्प्यात ठेव. आणि चौथ्या सीटवर टेकायलाही मिळालं नाही, दारातच उभं राहावं लागलं, तर कितीही पेंग आली तरी डोळे मिटायचे नाहीत. तिथे मला तुझी खरंच काळजी वाटते. रात्री उशिराच्या गाडीत काही वावगं वाटलं तर १३९ लाव, संकोच करू नकोस.

पण बाई, ही डुलकी रात्रीच्या झोपेची भरपाई करत नाही. सात तास अंगाला लागतातच. तुझे कुठे जातात, ते मला माहीत आहे. केंद्र सरकारच्या २०१९च्या पाहणीत घरकामात बायकांची दिवसाला सरासरी २९९ मिनिटं जात होती, पुरुषांची ९७. तीही जे पुरुष घरकामाला हात लावतात त्यांचीच! गाडीत पेंगतेस ती आळशी आहेस म्हणून नाही. पहाटे साडेचारला उठून दोन डबे तू एकटी भरतेस म्हणून.

नवऱ्याशी बोल. भांडू नकोस, पण गुळमुळीतही बोलू नकोस. रात्री कणीक त्याने मळायची, भाजी त्याने चिरायची, आणि सकाळी निदान एक डबा त्याने भरायचा. सासूबाईंना आधी अवघड वाटेल, वाटू दे.

आणि पुरेशी झोप होऊनही पेंग आलीच, तर हिमोग्लोबिन आणि थायरॉइड तपासून घे. थकवा आपल्याला इतका अंगवळणी पडलेला असतो की आजारही दिसत नाही. शनिवारी सकाळी चालेल? मी येते तुझ्याबरोबर.