अंड्यावर आलेल्या धामणीची तहान

मे-जूनमध्ये सर्पमित्राला येणारे फोन साधारण एकाच सुरात असतात. साप चवताळलाय, हलत नाही, माणसाला भीत नाही. त्या दिवसांत बरेच साप विणीच्या धावपळीत असतात आणि पुष्कळदा तहानलेलेही, हे नव्याने या कामात येणाऱ्या प्रत्येकाला मी आधी सांगतो.

पावसाच्या तोंडावर दोन धामणी एकमेकींना पीळ घालून उभ्या राहिल्या की गाव गोळा होतं. नाग-धामणीचा जोड म्हणून कुणी नवं वस्त्रही टाकतं. खरं तर ते दोन नर असतात आणि ती कुस्ती असते. त्यांना आजूबाजूचं भान नसतं, म्हणून लांबून बघा, दमले की निघून जातात. घोणशीचं मीलन थंडीत होतं. तेव्हा नर मादीच्या वासामागे भटकतात, खाण्याकडेही त्यांचं लक्ष नसतं.

माद्यांची काळजी मला जास्त वाटते. एका वस्तीवर सकाळी पकडलेली धामण दुपारपर्यंत प्लास्टिकच्या बरणीत, पत्र्याच्या पडवीत ठेवली होती. ‘उंदीर गिळलाय’ असं सगळे म्हणत होते. पण गिळलेल्या उंदराचा एकच फुगवटा दिसतो. हिचा मागचा अर्धा भाग सलग भरलेला होता, खवल्यांमधली कातडी ताणलेली होती. मानेजवळ मात्र त्याच कातडीला सुरकुत्या होत्या, डोळ्यांवरचं पारदर्शक आवरण आत दबलेलं होतं आणि तोंडात लाळेची चिकट तार दिसत होती. सावलीत उथळ ताटलीत पाणी ठेवलं, तशी तिने हनुवटी टेकवली आणि बराच वेळ प्यायली. खालचा जबडा जेमतेम हलत होता, गळ्यातून घोट सरकताना दिसत होते.

अंडी भरताना मादीच्या अंगातलं पुष्कळ पाणी त्यांत जातं. पोटात जागा उरत नाही, ती खाणं सोडते आणि भक्ष्यातून मिळणारं पाणीही थांबतं. वर अंड्यांसाठी ऊब हवी म्हणून ऊन खाते, त्यात आणखी पाणी जातं. अशा मादीला बंद बरणीत तापवणं हा क्रूरपणा आहे.

तिला सुती पिशवीत, सावलीत ठेवा आणि वनविभागाला कळवून लवकरात लवकर त्याच परिसरात, ओलाव्याजवळ सोडा. शेपटीला धरून लोंबकळवू नका, पोटातल्या अंड्यांना इजा होते. सिरिंजने तोंडात पाणी ओतू नका. श्वासनळीचं तोंड जिभेच्या मागेच उघडतं, पाणी फुप्फुसात जातं. दूध तर नकोच. नागपंचमीला दूध पिणारा साप तहानेने व्याकूळ केलेला असतो, ते दूध त्याला पचत नाही.

घरच्यांनी यातलं काहीही स्वतः करू नये, 1926 या वनविभागाच्या हेल्पलाइनवर फोन करावा. जाड, सुस्त घोणस दिसली तर विशेष जपा. ती मे ते जुलैमध्ये पिल्लं देते आणि पिल्लू जन्मतःच विषारी असतं. नागीण अंड्यांजवळ थांबते, हुसकावूनही हटत नाही. खोदकामात अंडी सापडली तर उलटीपालटी करू नका, आतला गर्भ कवचाला चिकटलेला असतो. त्यांचं मऊ कवच मातीतला ओलावा शोषून घेतं, म्हणून सर्पमित्र येईपर्यंत ती तिथल्याच ओलसर मातीने झाकून ठेवा, उन्हात उघडी पडू देऊ नका. पण त्याआधी आसपास नागीण नाही ना, हे लांबूनच पाहा.