क्लाऊडवरील साठवण : खर्चाचा अंदाज आणि काटकसर

कचेरीतील अभिलेख कक्ष भरला की तो डोळ्यांना दिसतो. कपाटे अपुरी पडतात, बासने जमिनीवर येतात आणि जुन्या कागदांची छाननी हाती घ्यावीच लागते. उद्योग-व्यवसायांची दप्तरे आता मोठ्या प्रमाणावर संगणकावर आली असून ती ‘क्लाऊड’वर, म्हणजे दूरच्या डेटा सेंटरमधील भाड्याच्या जागेत, ठेवली जातात. ही जागा कधीच भरत नाही; त्यामुळे छाननीची वेळही येत नाही. वाढत जाते ते केवळ मासिक बिल. दूध संघ, पतसंस्था, शेतकरी उत्पादक कंपन्या, लघुउद्योग आणि शिक्षणसंस्था यांचा कारभार पाहणाऱ्यांनी या बिलाची घडण समजून घेणे म्हणूनच अगत्याचे आहे.

भाडे कशाचे?

अमेझॉन कंपनीने मार्च २००६ मध्ये ‘एस-थ्री’ ही साठवण सेवा सुरू केली, तेव्हा एका गिगाबाइटला दरमहा १५ सेंट भाडे होते. २०१६ च्या अखेरीस अमेरिकेतील हा सर्वसाधारण दर २.३ सेंटपर्यंत उतरला. दरम्यान ही साठवण भारतातही उपलब्ध झाली. मायक्रोसॉफ्टने २०१५ मध्ये पुणे, मुंबई व चेन्नई येथून, अमेझॉनने २०१६ मध्ये आणि गूगलने २०१७ मध्ये मुंबईतून क्लाऊड सेवा सुरू केली. परंतु दर उतरला म्हणून बिल उतरतेच असे नाही, कारण साठा वाढतच असतो.

या बिलाचे मुख्य भाग तीन. पहिला, साठ्याचे भाडे. त्याचे माप ‘गिगाबाइट-महिना’ हे असते. एक गिगाबाइट माहिती एक महिना ठेवली की एक माप झाले. दुसरा भाग व्यवहारांचा. फाइल ठेवणे, उघडणे, यादी मागवणे अशा विनंत्यांवर अल्पशी आकारणी होते. लक्षावधी लहान फाइली असतील तर ती अल्प राहत नाही. तिसरा भाग वाहतुकीचा. माहिती आत नेण्यास सहसा आकार नसतो. ती इंटरनेटवरून बाहेर काढताना मात्र ठरावीक मर्यादेनंतर प्रत्येक गिगाबाइटमागे पैसे पडतात. गोदामात माल टाकताना हमाली नाही, उचलताना आहे, असा हा व्यवहार होय.

अंदाज कोठे चुकतो?

दूध संकलन करणाऱ्या एका काल्पनिक उत्पादक कंपनीचे उदाहरण घेता येईल. तिचा साठा आज ४,००० गिगाबाइट आहे. त्यात केंद्रांवरील कॅमेऱ्यांचे चित्रण, संकलनाच्या पावत्या, हिशेबाची पुस्तके आणि बॅकअप यांचा समावेश आहे. दरमहा २०० गिगाबाइटची भर पडते. साठ्याचा दर हिशेबापुरता दरमहा २ रुपये गृहीत धरल्यास व्यवस्थापक सहज गुणाकार करतो : ४,००० गुणिले २ गुणिले १२, म्हणजे वर्षाला ९६,००० रुपये.

हा अंदाज अपुरा आहे. बाराव्या महिन्यात साठा ६,२०० गिगाबाइट झालेला असेल. सर्व महिन्यांची बेरीज ६१,२०० गिगाबाइट-महिने होते आणि भाडे १,२२,४०० रुपये येते. दरमहा ३०० गिगाबाइट माहिती बाहेर काढली जात असेल व वाहतुकीचा दर ९ रुपये धरला, तर त्याचे ३२,४०० रुपये होतात. एकूण १,५४,८०० रुपयांवर १८ टक्के वस्तू व सेवा कर धरला की रक्कम १,८२,६६४ रुपयांवर जाते. विनंत्यांचा आकार यात धरलेलाच नाही. ज्यांना इनपुट टॅक्स क्रेडिट मिळते त्यांनी कराची तेवढी रक्कम वजा करावी. दरपत्रक डॉलरमध्ये असेल तर विनिमय दरातील चढउतारासाठी तरतूद ठेवावी. सारांश, आजचा साठा नव्हे, तर वाढता साठा, वाहतूक आणि कर यांवर अंदाज उभा केला पाहिजे.

अ, ब, क, ड ची जुनी शिस्त

खर्च कमी करण्याचा मार्ग शासकीय कचेऱ्यांना नवा नाही. अभिलेखांचे अ, ब, क, ड असे वर्गीकरण करून कोणता कागद कायम ठेवावा व कोणता मुदतीनंतर नष्ट करावा, हे ठरविण्याची पद्धत येथे रुजलेली आहे. तीच शिस्त क्लाऊडवरील माहितीस लावावयाची आहे.

क्लाऊड कंपन्यांचे दरही वर्गवार असतात. रोजच्या वापराच्या माहितीसाठी सर्वसाधारण वर्ग, क्वचित लागणाऱ्या माहितीसाठी स्वस्त वर्ग आणि जुन्या अभिलेखांसाठी अतिस्वस्त वर्ग असतो. हिशेबापुरते त्यांचे दर अनुक्रमे २ रुपये, १ रुपया १० पैसे आणि २० पैसे धरू. उदाहरणातील कंपनीने छाननी केली व ४० टक्के साठा निरुपयोगी ठरून काढून टाकला; २५ टक्के पहिल्या, १५ टक्के दुसऱ्या आणि २० टक्के तिसऱ्या वर्गात ठेवला, तर वर्षाचे भाडे १,२२,४०० वरून ४३,१४६ रुपयांवर येते. ७९,२५४ रुपयांच्या या बचतीपैकी ४८,९६० रुपये केवळ निरुपयोगी माहिती काढल्यामुळे वाचतात. स्वस्त दर शोधण्यापेक्षा काय ठेवायचे हे ठरविणे अधिक फलदायी असते, हा यातील खरा बोध होय.

निरुपयोगी माहिती लपलेली असते. फाइलच्या जुन्या आवृत्त्या राखण्याची सोय चालू असेल तर प्रत्येक आवृत्तीचे पूर्ण भाडे लागते. मोठी फाइल चढवताना मध्येच संपर्क तुटला तर तिचे अर्धवट तुकडे मागे राहतात. ते यादीत सहसा दिसत नाहीत, पण बिलात येतात. ठरावीक दिवसांनंतर माहिती आपोआप खालच्या वर्गात जावी किंवा नष्ट व्हावी, असे नियम एकदा नोंदवून ठेवता येतात. ते नोंदविणे हे पहिले काम असावे.

स्वस्त वर्गाच्या अटी

स्वस्त दरास अटी जोडलेल्या असतात. अमेझॉनच्या क्वचित-वापराच्या वर्गात किमान ३० दिवसांचे भाडे लागते. पाच दिवसांत नष्ट होणारी फाइल तेथे ठेवल्यास, वरील दरांनुसार, प्रत्येक गिगाबाइटला १ रुपया १० पैसे पडतील. सर्वसाधारण वर्गात सुमारे ३३ पैशांत काम झाले असते. त्या वर्गात १२८ किलोबाइटपेक्षा लहान फाइलही १२८ किलोबाइटची धरली जाते. १० किलोबाइटची पावती तेथे ठेवली तर खर्च कमी न होता सुमारे सातपट होतो. अशा पावत्या महिनावार एकत्र बांधून एकच मोठी फाइल करणे इष्ट. शिवाय या वर्गातून माहिती वाचताना वेगळा आकार पडतो. तो गिगाबाइटला ९० पैसे धरला, तर महिन्यातून एकदा संपूर्ण वाचल्या जाणाऱ्या माहितीवर काहीच बचत उरत नाही.

अमेझॉनने २०१९ मध्ये सुरू केलेल्या ‘डीप आर्काइव्ह’ या अतिस्वस्त वर्गात किमान १८० दिवसांचे भाडे लागते आणि माहिती परत मिळण्यास साधारणतः १२ तासांपर्यंत, सवलतीच्या पद्धतीने ४८ तासांपर्यंत वेळ लागू शकतो. लेखापरीक्षक दारात उभे असताना लागणारी पुस्तके तेथे ठेवू नयेत.

काटकसरीची मर्यादा

काय नष्ट करावे हे केवळ बिल पाहून ठरविता येत नाही. कंपनी कायदा, २०१३ अन्वये हिशेबाची पुस्तके किमान आठ आर्थिक वर्षे जपावी लागतात. वस्तू व सेवा कर कायद्यानुसार नोंदणीकृत व्यापाऱ्याने हिशेब वार्षिक विवरणपत्राच्या अंतिम तारखेपासून ७२ महिने ठेवले पाहिजेत. अपील वा चौकशी चालू असल्यास त्याहूनही अधिक काळ. ऑगस्ट २०२२ मधील दुरुस्तीनंतर इलेक्ट्रॉनिक स्वरूपातील हिशेबांची बॅकअप प्रत भारतातील सर्व्हरवर दररोज घेणे कंपन्यांना बंधनकारक आहे. सहकारी संस्था व शाळा यांनी आपापल्या नियमांतील मुदती पाहाव्यात.

त्याचप्रमाणे सुरक्षित दुसरी प्रत ही उधळपट्टी नव्हे. संगणकावर खंडणीखोर प्रोग्रामचा हल्ला झाला, तर सभासदांच्या ठेवींचा आणि शेतकऱ्यांच्या दुधाचा हिशेब त्या एका प्रतीवरच उभा राहतो. ती प्रत वेगळ्या खात्यात असावी आणि तिच्यातून माहिती खरोखर परत मिळते की नाही, हे वेळोवेळी तपासावे.

व्यवहारात चार गोष्टी पुरेशा आहेत : प्रत्येक प्रकारच्या माहितीची मुदत लेखी ठरवावी, तिची जबाबदारी एका व्यक्तीकडे द्यावी, खर्चाने मर्यादा ओलांडताच सूचना मिळावी अशी नोंद करावी, आणि दर तिमाहीस संचालक मंडळापुढे साठा, बिल व नष्ट केलेल्या माहितीचा तपशील ठेवावा. कोणती माहिती नष्ट केली आणि कोणाच्या आदेशाने, याची नोंद मात्र कायम ‘अ’ वर्गात राहिली पाहिजे.