दाव्याचा समेट कसा करावा

शिरूर तालुक्यातील वडगाव रासाई येथील अथवा भीमेपलीकडील दौंड तालुक्यातील शेतकरी बांधाचा किंवा विहिरीचा दावा लढू लागला, म्हणजे तारखेमागून तारीख पडते, वाफसा निघून जातो, आणि भाऊबंदांचे बोलणे बंद होते. वाटेत असतानाच वाद्याशी समेट करावा, हा प्रभूचा उपदेश (मत्तय ५:२५) आपणांस ठाऊक आहे. तो समेट टिकाऊ कसा करावा, हे या पाठात पाहू.

या प्रांताने हुकूमनाम्यांचे दुःख पूर्वी सोसिले आहे. १२ मे १८७५ रोजी सुपे येथे शेतकरी सावकारांविरुद्ध उठले, व तो दंगा शिरूर तालुक्यातही पसरला. कर्जरोखे व हुकूमनामे हिसकावून जाळण्यात आले. कारण कूळ गैरहजर असता पुष्कळ दावे एकतर्फी निकाली निघत. पुढे १८७९ च्या कायद्याने पुणे, सातारा, सोलापूर व अहमदनगर या जिल्ह्यांत शेतकऱ्यांच्या दाव्यांसाठी समेट घडविणारे गृहस्थ नेमण्याची सोय झाली. तो कायदा आज नाही. परंतु समेटास न्यायालयाचे बळ असावे, हे त्यातील तत्त्व कायम आहे.

समजा, दोन भावांचा विहिरीवरून दावा चालू आहे. वडिलधाऱ्यांनी पारावर समजूत घातली, दोघे एकत्र जेवले, पण न्यायालयात काहीच कळविले नाही. उन्हाळ्यात पाणी आटताच भांडण पुन्हा उभे राहते. म्हणून चार गोष्टी ध्यानात धराव्या.

१. समेट लेखी असावा व त्यावर पक्षकारांच्या सह्या असाव्या. दिवाणी प्रक्रिया संहिता, १९०८, आदेश २३, नियम ३ प्रमाणे समेट कायदेशीर असल्याची खात्री झाल्यावर न्यायालय तो नोंदवून त्याप्रमाणे हुकूमनामा करिते.

२. शब्द नेमके असावे. “पाणी गोडीने घ्यावे” एवढ्याने भागत नाही. कोणत्या वारी कोणाची पाळी, विजेचे बिल कोणी किती द्यावे, मोटार बिघडल्यास खर्च कोणाचा, हे सर्व लिहावे.

३. कोणाही हक्कदारास वगळू नये. बाप मृत्युपत्र न करिता वारला, तर १९२५ च्या भारतीय उत्तराधिकार अधिनियमाप्रमाणे ख्रिस्ती कुटुंबात मुलीचा वाटा मुलाइतकाच असतो. सासरी गेलेल्या बहिणीस न विचारिता भावांनी केलेली वाटणी म्हणजे नव्या दाव्याचे बीज होय. अज्ञान मुलाच्या वतीने समेट करावयाचा तर न्यायालयाची परवानगी पाहिजे.

४. सही खुषीने व समजून करावी. संमतीने झालेल्या हुकूमनाम्यावर सामान्यतः अपील चालत नाही. ज्यास वाचता येत नाही, त्यास कागद प्रथम मोठ्याने वाचून दाखवावा.

१९८७ च्या कायद्यान्वये भरणाऱ्या लोकअदालतीतही असा समेट होतो. तिचा निवाडा हुकूमनाम्यासमान असतो, व न्यायालयात भरलेले शुल्क परत मिळते. समेट न जमल्यास दावा पुन्हा मूळ न्यायालयात जातो. कोणावर बळजबरी होत नाही.

उपदेशकांनी येथे विशेष जपावे. शांतीच्या नावाखाली गरिबास किंवा विधवेस हक्क सोडावयास लाविले, तर ती शांती फार दिवस टिकणार नाही.

विचारार्थ प्रश्न: आपल्या गावी बोलून मिटलेले, पण न लिहिलेले भांडण कोणते? त्यात कोणाची सही राहिली आहे?