मनातला द्वेष कोर्टात कसा सिद्ध होतो?

प्रश्न : आमच्या गावाच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर एका समाजाबद्दल फार वाईट मजकूर येतो. कुणी म्हणतं यावर थेट केस होते, कुणी म्हणतं ज्याला त्याला बोलायचं स्वातंत्र्य आहे. आणि निव्वळ द्वेषापोटी कुणाचा खून केला तर शिक्षा वेगळी असते का? माणसाच्या मनातलं कोर्टाला कळतं तरी कसं?
– एक वाचक, बार्शी

उत्तर : तुमचा शेवटचा प्रश्न सगळ्यात अवघड आहे आणि बाकी दोन्हींची उत्तरं त्यातच अडकलेली आहेत.

नुसता द्वेष करणं हा गुन्हा नाही. भारतीय न्याय संहितेत ‘हेट स्पीच’ हा शब्दही सापडत नाही. विधी आयोगाने २०१७ साली त्यासाठी स्वतंत्र कलमं सुचवली होती, पण नवी संहिता आली तेव्हाही ती बाहेरच राहिली. केस होते ती मुख्यतः कलम १९६ खाली, म्हणजे जुन्या दंड संहितेतल्या १५३अ खाली. धर्म, जात, भाषा, जन्मस्थान अशा कारणांवरून गटागटांत वैर पेटवणं हा तो गुन्हा. शिक्षा तीन वर्षांपर्यंत, प्रार्थनास्थळी केला तर पाच. इलेक्ट्रॉनिक माध्यमाचा उल्लेख नव्या कलमात स्पष्ट आहे, त्यामुळे ‘ग्रुपवरच तर टाकलं’ ही सबब चालायची नाही.

मात्र मजकूर झोंबला एवढ्यावर गुन्हा सिद्ध होत नाही, हेतू दाखवावा लागतो. जेम्स लेन यांच्या शिवाजी महाराजांवरच्या पुस्तकाचं प्रकरण आठवत असेल. त्यात प्रकाशक आणि मुद्रकावर पुण्यात १५३अ लागलं होतं. सर्वोच्च न्यायालयाने २००७ साली तो गुन्हा रद्द केला. इकडचं एक वाक्य, तिकडचं एक वाक्य उचलून हेतू ठरवता येत नाही, लिखाण सबंध वाचावं लागतं, असं न्यायालयाचं म्हणणं होतं. वाचणारा कोण धरायचा, याची कसोटी त्याहून जुनी आणि आपल्या नागपूरची आहे. न्या. विवियन बोस यांनी १९४० च्या दशकात सांगितलं, की शब्दांचा परिणाम समंजस आणि खंबीर माणसाच्या नजरेतून जोखायचा. जिथे तिथे धोका दिसणाऱ्या कच्च्या मनाच्या माणसाच्या नजरेतून नव्हे. ‘तमस’ मालिका थांबवा म्हणणारी याचिका १९८८ मध्ये याच कसोटीवर टिकली नाही.

ग्रुपचा ॲडमिन? दुसऱ्याच्या पोस्टसाठी तो आपोआप गुन्हेगार होत नाही. दोघांचा समान इरादा दिसायला हवा, असं मुंबई उच्च न्यायालयाच्या नागपूर खंडपीठाने २०२१ साली म्हटलं.

कायद्याची खरी पंचाईत वेगळीच आहे. पोलिसांना एफआयआर नोंदवता येतो. सर्वोच्च न्यायालयाने तर एप्रिल २०२३ मध्ये सगळ्या राज्यांना बजावलं, की अशा भाषणावर तक्रारीची वाट न पाहता गुन्हा नोंदवा. पण कोर्टाने १९६ च्या खटल्याची दखल घेण्याआधी सरकारची मंजुरी लागते. बोलणारा सरकारच्या जवळचा असेल तर पुढे काय होतं, हे मी वेगळं सांगायला नको.

आता खुनाचं. जातीय द्वेषातून झालेल्या गुन्ह्यांसाठी आपल्याकडे १९८९ चा ॲट्रॉसिटी कायदा आहे. २००६ साली भंडारा जिल्ह्यातल्या खैरलांजीत एका दलित कुटुंबातल्या चौघांना गावातल्या जमावाने मारलं. आठ जण दोषी ठरले, पण ॲट्रॉसिटी लागला नाही. हत्या जातीमुळे नव्हे, आधीच्या एका मारहाणीच्या केसमधल्या साक्षीच्या सूडातून झाली, असं कोर्टाने मानलं आणि उच्च न्यायालयानेही २०१० मध्ये तेच कायम ठेवलं. जणू सूड आणि जात एका मनात एकत्र नांदू शकत नाहीत! त्या वेळी कायद्याचे शब्द होते ‘अनुसूचित जाती-जमातीची व्यक्ती आहे या कारणावरून’. सरकारी वकिलाला ते कारण सिद्ध करावं लागे आणि आरोपीला दुसरं एखादं कारण, शेतीचा बांध, जुनं भांडण, पुढे केलं की पुरे होई.

२६ जानेवारी २०१६ पासून हे बदललं. दहा वर्षं किंवा त्याहून जास्त शिक्षेच्या गुन्ह्यात पीडित व्यक्ती अनुसूचित जाती-जमातीची आहे हे आरोपीला माहीत असलं की जन्मठेप लागू होते. आरोपी त्या घराला ओळखत असेल, तर ती माहिती त्याला होती असं कोर्ट धरून चालतं. नव्हती हे त्याने सिद्ध करायचं. खेड्यात कोण कुठल्या जातीचं हे कुणाला माहीत नसतं? माझ्या मते गेल्या काही दशकांतली या विषयातली ही सगळ्यात शहाणी दुरुस्ती.

आणि तरीही १ जुलै २०२४ पासून लागू झालेल्या न्याय संहितेत जमावाने केलेल्या खुनाचं जे नवं कलम आलं, १०३(२), त्यात जुनीच शब्दरचना परतली. पाच किंवा अधिक जणांनी मिळून वंश, जात, समुदाय, लिंग, जन्मस्थान, भाषा, वैयक्तिक श्रद्धा अशा ‘कारणावरून’ खून केला तर फाशी किंवा जन्मठेप. यादीत धर्माचं थेट नाव नाही, समुदाय आणि श्रद्धा यांतून तो काढायचा. कलम हवंच होतं. पण कारण सिद्ध करण्याचं ओझं पुन्हा सरकार पक्षावर आलं आहे, आणि गोवंशाचा संशय, मूल पळवल्याची अफवा अशी दुसरी कारणं बचाव पक्षापाशी तयारच असणार.

तुमच्या ग्रुपपुरतं सांगायचं तर मजकुराचा तारीख-वेळ आणि नंबर दिसेल असा स्क्रीनशॉट ठेवा, मूळ मेसेज डिलीट करू नका, ठाण्यात लेखी तक्रार द्या. ठाणेदाराने घेतली नाही तर तीच तक्रार टपालाने पोलीस अधीक्षकांकडे पाठवा, तिथेही दाद लागली नाही तर दंडाधिकाऱ्यांकडे जाता येतं. आणि ‘बघा, काय काय लिहितात’ म्हणून तो मजकूर दुसऱ्या ग्रुपवर पाठवू नका.